आडव्या दामाचा पोर

३ ऑगस्ट १९५८, पनवेल
पहाटेच्या एस.टी.ने मुंबईला. बॅलेच्या तालमीत दादांनी सकाळभर उभं केलं. अक्षरशः उभं. नलिनी नाचते, मी तिच्यामागे हात वर करून झाड. मग गुडघा टेकून डोंगर. मग भाला धरून शिपाई. इथे शाळेत सगळ्या पोरांना शिट्टीवर लेझीम खेळवणारा ड्रिलमास्तर मी, आणि तिथे झाड. जाता जाता नलिनी म्हणाली, काय खांब, पाय दुखले का? दुखले होते.

मी का जातो? दर रविवारी परत येताना ठरवतो, बस्स, हा शेवटचा. शनिवार आला की पिशवी भरतो. शिक्षकांच्या शिबिरात दादांनी माझं लेझीम पाहिलं, 'आमच्या बॅलेत या' म्हणाले, तेव्हाच नाही म्हणायला हवं होतं. दादांना नाही म्हणणारा माणूस अजून भेटायचाय.

१० ऑगस्ट
आज दादा बोलायच्या लहरीत. चहा गार झाला तरी चालूच. म्हणाले, पूर्वी सगळं पुरुषच नाचायचा, बाईचं सोंगसुद्धा तोच घ्यायचा. मग बायका पुढे आल्या, ते झकास झालं, पण पुरुषाचं काय करायचं ते कोणी ठरवलंच नाही. तो मागे सरकत सरकत झाड झाला. देवळात नाचला तर भक्त. तमाशात नाचला तर नाच्या. आणि साधा पँट-शर्टातला माणूस उभा राहून नाचला तर त्याला काय म्हणायचं? शब्दच नाही आपल्याकडे.

त्यांच्याकडे मासिकातलं एक चित्र आहे, हाताळून हाताळून मऊ पडलेलं. अमेरिकेत कोणी एकाने नुसत्या पुरुषांची तुकडी उभी केली होती म्हणे. सकाळी दगड वाहायचे, लाकडं फोडायची, आणि त्याच अंगाने दुपारी नाचायचं. लोक हसायला यायचे आणि गप्प होऊन जायचे. आमच्या बॅलेतून मात्र दर लग्नसराईत दोन पुरुष गळतात. सासऱ्याला नाचणारा जावई चालत नाही.

मग एकदम माझ्याकडे वळून, तुमच्याकडचे पुरुष पाय कशासाठी आपटतात?

म्हटलं, मिठागरात. पाऊस संपला की वाफ्यांचा चिखल तुडवून घट्ट करतात. सगळे एका ओळीत, हातात काठी, एक जण हाळी देतो, बाकीचे 'हो' देतात. करून दाखवलं. लहानपणी बांधावर बसून पाहिलेलं, तेवढंच. नलिनीने खांब म्हटलं नाही.

परत येताना एस.टी.त पाय आपोआप चालत होते. शेजारचा म्हातारा म्हणाला, मास्तर, मुंग्या आल्या काय?

१५ ऑगस्ट
झेंडावंदन उरकून सायकलने रोडपालीला घरी. तिथे नवाच घोळ कळला. आषाढात मी आईला सांगितलं होतं की मुंबईत बॅले करतो. तो शब्द तिच्याकडून बाबांकडे जाता जाता 'बाल्या' झाला. कानात बाल्या, पायात घुंगरू, गौरी-गणपतीत कोकणातले बाप्ये गोल धरून नाचतात तो बाल्या नाच. बाबा खूष. ओटीवर चार माणसांसमोर म्हणाले, "आपला नाय, कुनब्यांचा नाच हाय. पन बाप्याचा हाय." आणि माझ्या पाठीत एक थाप.

थाप बरी वाटली. तो शब्द तसाच राहू दिला.

काय सांगणार होतो? की बाबा, बाल्या नाही, बॅले. छाती उघडी टाकून, डोळ्यांत काजळ घालून, एका बाईमागे झाड होतो. जत्रेतल्या तमाशात नाच्या आला की बाबा तोंड फिरवून बिडी पेटवतात, ते मी लहानपणापासून पाहिलंय. आणि एकदा तोंड फिरवलं की फिरवलं. गावात त्यांना 'आडवा दामा' म्हणतात ते उगीच नाही. इतका आडमुठा माणूस अख्ख्या पंचक्रोशीत नसेल.

२४ ऑगस्ट
चिखलाचा नाच आकार धरतोय. नाव नुसतं 'मिठागर'. पाच पुरुष, बाई एकही नाही. परळचा शिंपी, दोन गिरणीवाले, एक बँकेतला कारकून आणि मी. वाद्य नाही, फक्त पाय आणि हाळी. पहिल्यांदा मला कुणाच्या मागे उभं राहावं लागत नाहीये.

शेवट दादांना सुचेना. आज सुचला. ओळ वेगात येते, आणखी वेगात, आणि शेवटचा माणूस पडतो. बाकीचे तुडवत पुढे जातात. अंधार. पडणारा मी. आज इतक्यांदा पडलो की कोपर सोलून निघालं. दादा म्हणतात, अजून तू ठरवून पडतोस, ठरवू नकोस.

३१ ऑगस्ट
गेलं. सगळं गेलं. बाबांनी गावकीत शब्द देऊन टाकला. औंदा गौरीला माझ्या पोराची बाल्याची मंडळी देवळापुढे नाचणार. चुलतभाऊ काशिनाथ ही बातमी द्यायला मुद्दाम पनवेलला आला, वर माझ्याच खोलीत भजी खात बसला. त्याला खरं सांगितलं. तो इतका हसला की भजी नाकात गेली.

मग म्हणाला, खरे बाल्यावाले आणू की. रोह्याकडचे ओळखीचे आहेत. तू कडेला उभा राहून टाळ्या दे.

नाही म्हटलं. का म्हटलं कोण जाणे.

७ सप्टेंबर
दादांना सांगितलं. वाटलं रागावतील, तर खुर्चीतून उठलेच. जाऊ या म्हणाले. ज्यांचा नाच आहे त्यांच्यासमोर आधी करू, मग दिल्ली-कलकत्ता. नोव्हेंबरात दौरा निघतोय, तीन महिन्यांचा. मला घेणारच आहेत. हेडमास्तर बिनपगारी रजा देतात की नाही ते अजून लटकलंय. ते म्हणतात, व्यायाम म्हणून अर्ज करा, नृत्य हा शब्द नको.

व्यायाम, बाल्या, बॅले. मी जे करतो त्याला प्रत्येक दारात वेगळं नाव घेऊन जातो.

१४ सप्टेंबर
काशिनाथ बाजारातून पितळी बाल्यांची मूठभर पुडी घेऊन आला. कान टोचलेले नाहीत तर दोऱ्याने बांधा म्हणतो. निदान लांबून बाल्यासारखे दिसाल. चिडलो त्याच्यावर. नंतर पुडी पिशवीत टाकून ठेवली.

दोन दिवसांवर गणपती. अन्न जात नाही. एकच गोष्ट मनात. बाबा बघणार, आणि तो शब्द बोलणार. ना-च्या. एकदा तो त्यांच्या तोंडून आला की पुढे बोलायला काही उरणार नाही. दौरा नाही, घर नाही, काही नाही. झोपेत पाय हलतात.

२१ सप्टेंबर
काल झाला. लिहावंसं वाटत नाही, पण न लिहिता बसवतही नाही.

ऊन उतरायच्या वेळी देवळापुढच्या पटांगणात. सगळं गाव. नवी लुगडी, पोरं झाडावर. बाबा पुढे, धुवट धोतर, डोक्याला फेटा. माणसं विचारतायत, बाल्या कुठं हायत कानात? ढोलकी कुठाय? बाबा म्हणतात, मुंबईची नवी तऱ्हा हाय, बघा तर खरं.

दादांची अडचण वेगळीच. लख्ख उजेड, अंधार करता येणार नाही, मग शेवट कसा करायचा? ऐनवेळी ठरवलं, पडलास की चौघे तुला हात-पाय धरून उचलून बाहेर नेतील. ठीक म्हटलं. त्या वेळी मला सगळंच ठीक होतं.

सुरू झालं. आधी हशा. काठ्या घेऊन चिखल तुडवतायत हे ओळखलं लोकांनी, बायका तोंडाला पदर लावून हसल्या. मी हाळी दिली, आणि आमचे चौघे 'हो' देणार त्याच्या आतच मागून कुणीतरी दिली. सवयीने. मग दहा-वीस गळे. बाबांकडे पाहिलं. तेही 'हो' देत होते. नाच्या नाही, काही नाही. वाटलं, जिंकलो.

वेग वाढला. पडलो. यावेळी ठरवून नाही, खराच पडलो.

'हो' थांबला. एकदम, सगळ्यांचा. वाटलं, झकास, रंगला नाच. चौघांनी मला हात-पाय धरून उचललं. मान मागे लोंबत होती, मला गाव उलटं दिसत होतं. म्हातारी माणसं जमिनीकडे बघत होती. कुणीतरी 'अरे अरे' म्हणालं. टाळी नाही. बाबा उठले, फेटा काढून काखेत मारला, आणि घराकडे निघाले. गर्दीने त्यांना वाट दिली. मयताला देतात तशी.

घरी गेलो तर ओटीवर पाठमोरे बसलेले. मग एवढंच म्हणाले, "पडलास कशाला?"

मी म्हटलं, नाचात तसं आहे.

आईने खुणेने जा म्हटलं. दादांबरोबर पनवेलला आलो. दादा वाटभर खुषीत होते. ते गप्प होणं ऐकलंस ना? असं गप्प होणं मुंबईत मिळत नाही.

२८ सप्टेंबर
मुं.ला गेलो नाही. आई पनवेलच्या बाजारात आली होती, ती खोलीवर आली. पाणी दिलं तर घेतलं नाही. असं कधी झालं नव्हतं.

"बापसाला गावात नागवा केलास," म्हणाली.

मी काय केलं? बाल्या नव्हता म्हणून?

ती मग पाटावर बसली. "तुना खरंच ठावं नाय?"

तिने सांगितलं ते असं. मी पाळण्यात होतो. तुडवणीचे दिवस. बाबांच्या अंगात ताप. मुकादम म्हणाला, आला नाहीस तर उद्यापासून येऊच नकोस. गेले. ओळीत शेवटचे उभे. दुपारी पडले चिखलात. ओळ थांबवायची नाही म्हणून मुकादमाने चौघांना सांगितलं, आणि त्यांनी हात-पाय धरून उचलून बांधावर टाकलं. मिठाचं पोतं टाकतात तसं. पोरं हसली. मुकादमाने विचारलं, कोण आडवा झाला रे? तिथून नाव पडलं. आडवा दामा.

आडवा. आडमुठा म्हणून नव्हे. आडवा पडला म्हणून.

आणि मी इतकी वर्षं शाळेत कौतुकाने सांगतो, आमच्या बाबांना गाव आडवा म्हणतं, कुणापुढे वाकत नाहीत. सहीसुद्धा एकदा गमतीने तशी केली होती.

सगळ्या गावाला वाटलं मी मुद्दाम केलं. शिकलेल्या पोराने बापाची फजिती नाच करून दाखवली, तीही गौरीपुढे, मुंबईची माणसं आणून. आईलाही तसंच वाटलं होतं. जाताना पाणी प्यायली.

५ ऑक्टोबर
दादांना सांगितलं. हीच चूक झाली. वाटलं म्हणतील, पडणं काढून टाकू. तर त्यांचे डोळे चमकले. अरे, हे तर सोनं आहे. आपण काहीही न जाणता नेमकं तिथे पोचलो. उचलून नेणंसुद्धा ठेवू. प्रयोगाआधी ही हकीकत मीच दोन शब्दांत सांगेन.

काठी आपटली मी. म्हटलं, हकीकत सांगाल तर मी नाही. दादा म्हणाले, बरं, हकीकत नाही. उचलणंही काढलं. पण पडणं राहणार. पडणं काढलं तर उरतं काय, ड्रिल? ते तुझ्या शाळेत कर.

खरं बोलत होते, म्हणूनच जास्त राग आला. पडणं काढलं तर तो नाच मेला, हे मलाही कळतं. निघालो तिथून. नलिनी जिन्यापर्यंत आली, म्हणाली, मला आजवर कुणी पडू दिलेलं नाही, नेहमी कुणीतरी झेलतं. तुमचं नशीब. हे चांगल्या अर्थाने म्हणाली की वाईट, विचारायला हवं होतं.

१२ ऑक्टोबर
गेलो नाही. दिवसभर खोलीत. लेझमांचे खिळे ठोकले, दोन पुस्तकं उघडून मिटली, बाजारात जाऊन काहीही न घेता परत आलो. हेडमा.नी रजा मंजूर केली म्हणे, तीही आत्ताच. घरी जायचा धीर नाही, मुं.ला जायचा नाही. पाय मात्र ऐकत नाहीत. भात शिजेपर्यंत चुलीपुढे तुडवत होतो.

२ नोव्हेंबर
आज गेलो. घरी नाही, सरळ मिठागरावर. रविवार असूनही तुडवणी चालू. लांबूनच ओळ दिसली. बाबा आता शेवटी नसतात, मधे असतात. पँट दुमडली, चपला बांधावर ठेवल्या आणि जाऊन ओळीच्या टोकाला उभा राहिलो. कुणीतरी काठी दिली.

नाचात आणि यात काय फरक आहे ते पहिल्या पाच मिनिटांत कळलं. इथे चिखल पाय सोडत नाही. पोटऱ्या फाटायला लागल्या. मिठाने कोपराची सोलवटलेली जागा चुरचुरली. दुपारपर्यंत टिकलो, कसाबसा. पडलो नाही. पडायची फार इच्छा होती.

भाकरीला बसलो. बाबा शेजारी येऊन बसले. आपणहून.

म्हटलं, मला ठाऊक नव्हतं.

"ठावं हाय मना," म्हणाले. कांदा फोडला, अर्धा मला दिला. मग खाडीकडे बघत, "मना उचलायला नको व्हता. मी उठत व्हतो."

एवढंच. मी घास धरून बसलो. सव्वीस वर्षं हा माणूस हेच मनात धरून बसलाय. पडल्याचं दुःख नाही त्यांना. ताप होता, पडले. उठू दिलं नाही.

मग म्हणाले, तो तुझा नाच दिल्लीला नेणार म्हणतात, खरं का. काशिनाथने सांगितलं असणार. म्हटलं, खरं, पण मी जायचं ठरवलेलं नाही. तर एकदम चिडले, म्हणजे चिखलच तुडवायचाय का जन्मभर. मीही चिडलो, म्हटलं, तुम्हीच तोंड फिरवून बसलात. ओळ उभी राहायला लागली तेव्हा उठता उठता बाबा म्हणाले,

"पडतंस तर पड. पन उठ. आपला आपून उठ. आनी त्यास बाल्या नको बोलू, बाल्या नाय तो."

मग काय म्हणू? विचारलं मी.

"मना काय ठावं. तू शिकलेला."

९ नोव्हेंबर
मुं.ला गेलो. दादांनी मी येणारच होतो असं दाखवलं. मिठागर दोनदा केला. पडल्यावर उठायला लागलो तर दादा ओरडले, हे काय? म्हटलं, तो उठतो. दादा म्हणाले, उठला तर लोक टाळ्या वाजवून घरी जातील, पडला तर घेऊन जातील काहीतरी. शिंपी म्हणाला, दादा, पण माणूस उठतोच की. दादांनी त्याला शिवणाचं काम बघायला सांगितलं.

निर्णय असा: पडायचं. तत्क्षणी अंधार. दिव्याचा खटका दादा स्वतः सांभाळतात, दुसऱ्या कुणाला हात लावू देत नाहीत.

मी बरं म्हटलं. बरं म्हणालो खरा, पण ते बरं कशाला होतं ते माझं मला माहीत.

१६ नोव्हेंबर
उद्या पहाटेची एस.टी., मुं.हून रात्रीच्या गाडीने नागपूर. परवा पहिला प्रयोग. पिशवी भरली. तळाशी काशिनाथची बाल्यांची पुडी सापडली, राहू दिली.

काल घरी जाऊन आलो. आईने चिवड्याचा डबा दिला, सगळ्यांना पुरेल एवढा, त्या झाडामागच्या बाईलाही दे म्हणाली. झाड मी होतो, हे तिला समजावत बसलो नाही. ओटीवर कुणीतरी बाबांना विचारत होतं, आडव्या, पोर कुठं चालला? बाबा म्हणाले, नाचायला. दुसरा शब्द जोडला नाही, मागे नाही पुढे नाही. मी आत चपला शोधत होतो, पायातच होत्या.

पडल्यावर दिवे किती वेळाने जातात ते आज मनातल्या मनात पुन्हा पुन्हा पाहिलं. दादांचा हात खटक्यावरच असतो. पाठ टेकायच्या आत खाली येतो. म्हणजे पाठ टेकायची नाही. किंवा पडतानाच उठायला लागायचं. किंवा अंधारात उठायचं आणि उभं राहायचं, दिवे परत येईपर्यंत, मग काय होईल ते होवो. हे तिन्ही वाईट आहेत.

आत्ता खोलीत करून पाहिलं. खालून घरमालकांनी हाक मारली, मास्तर, काय पडलं?

म्हटलं, मी.

लागलं का, विचारतायत. थांबा म्हटलं, उठतोय.